अठरा पावलं

देवांशूच्या लॅपटॉपमध्ये चौदा गाणी आहेत,
प्रत्येकापुढे लिहिलेलं: ब्राइड एन्ट्री.
तो सिटी सेंटरहून येतो, भरपूर अत्तर लावून,
आणि एकेक गाणं वीस सेकंद ऐकवतो,
कापडाच्या दुकानात थान उलगडून दाखवावं तसं.
पुण्याच्या सासूबाईंनी तीन नंबरवर खूण केलीये.
चुलतबहीण रेवा म्हणते, पाचवं घे, पाचव्यात धूर सोडता येतो.
बाबा म्हणतात, काहीही लावा,
मुहूर्त सहा एकेचाळीसचा आहे.

मी विचारलं, चालायचं कुणी?
"आप और मामाजी."
मामांना पाहिलंय का चालताना?

यदुमामा बिर्लानगरच्या मिलमध्ये होते.
गुडघा तिथेच राहिला. मग मिलही राहिली नाही.
आता आधी काठी जाते, जागा बघून घेते,
मग डावा पाय, ओढत,
मग उजवा, घाईने,
उशीर झाल्याची माफी मागत असल्यासारखा.
आईकडचं आता एवढंच माणूस उरलंय.
देवांशू हळूच म्हणाला, व्हीलचेअरला फुलं लावू, ट्रेंड में है.
मी त्याच्यापुढे चहा ठेवला. बिनसाखरेचा.

चौदाही गाणी मी मामांच्या चालीवर लावून पाहिली.
ती कधीच बोहल्यावर पोचायची
आणि आम्ही अजून दाराशी,
बस चुकलेल्या दोघांसारखे
एकमेकांकडे न बघता.

मग जीवाजीगंजात गेलो, इलियास मियाँकडे.
सनई खुंटीला, मियाँ खाटेवर, दात डबीत.
लष्करातल्या अर्ध्या मराठी घरांची लग्नं
त्यांनीच वाजवली, स्पीकर यायच्या आधी.
गाणं कुठलं हवंय, हे विचारलंच नाही.
म्हणाले, मामाला चालव.

मामा चालले.
अंगणात, वाळत घातलेल्या शेवयांच्या कडेने,
हौदापर्यंत आणि परत.
मियाँचं बोट मांडीवर पडत होतं.
"सात हैं," ते म्हणाले. "तीन, दो, दो.
लकड़ी तीन खाती है, पैर दो-दो.
भाई, तुम तो रूपक में चलते हो!"
मामा लाजले.
चाळीस वर्षं सगळे ज्याला लंगडणं म्हणत आले
त्याला आज भलतंच नाव निघालं होतं.

रूपकाची सम रिकामी असते.
शाळकरी वयात शिकले होते, परीक्षेपुरतं:
बाकीचे ताल समेवर भरून येतात,
हा पहिल्याच मात्रेला
उघडा तळवा दाखवतो.
त्या मात्रेवर आमच्यापैकी कुणाचाच पाय नसेल.
नुसती काठी.
हे मी कुणाला सांगितलं नाही.

रागाचं म्हणाल तर, मी मारवा सुचवून पाहिला.
"ना बेटा. हॉल रो पड़ेगा, और खाना ठंडा."
पूरिया धनाश्री ठरला.
गत त्यांच्या अब्बांची, नाव नसलेली.
खोलीपासून अंतरपाटापर्यंत अठरा पावलं, नऊ आवर्तनं,
आम्ही कार्यालयात जाऊन मोजून आलो;
वाटेत दोन पायऱ्या आहेत,
तिथे मियाँ लांब सूर धरून थांबतील,
मामा वर येईपर्यंत, कितीही वेळ लागो.
श्वासाची हमी त्यांनी दिली.
दातांची नाही.

देवांशूने चौदा गाण्यांखाली लिहिलं: शहनाई, लाइव्ह.
पुण्याला कळवलं.
तिकडून अंगठा आला,
जरा वेळाने.

काल रात्री मामांचा फोन.
"अगं, काठीला खालून रबर बसवून आणू का?
फरशीवर टकटक होते. शूटिंगमध्ये येईल."
नको, म्हटलं.
"नको?"
नको मामा. तिथूनच तर सुरू करायचंय.
पलीकडे बराच वेळ काही नाही.
मग फरशीवर, बहुतेक स्वयंपाकघरातल्या,
त्यांनी ती एकदा
वाजवून पाहिली.